मुलीनं हिशेब लिहिला : ऑस्कर मिशोच्या सिनेमाबद्दल

(हैदराबादेतल्या एका विद्यार्थी वसतिगृहात, चित्रपट दाखवण्याआधी केलेलं भाषण)



मागच्या बाकावरची मुलं प्रोजेक्टरकडं बघतायत, माझ्याकडं नाही. ते बरोबरच आहे. तुम्ही सिनेमा बघायला आलायत. पण आजचा सिनेमा १९२० सालचा आहे, मूक आहे, आणि त्याची प्रिंट इतकी तुटकी आहे की आधी चार गोष्टी सांगितल्या नाहीत तर दहा मिनिटांत तुम्ही मोबाइल काढाल. म्हणून तेवढा वेळ मला द्या.

मी काही सिनेमाचा प्राध्यापक नाही. मी व्हिडिओ एडिटर आहे. सुरुवात लग्नाच्या कॅसेटींपासून केली. हळदीच्या शॉटवर गुलाबाची पाकळी उडवणं, नवरीच्या मागं स्वित्झर्लंड लावणं, ही माझी पहिली कला. त्यामुळं एखादा सिनेमा बघताना मला आधी दिसतं ते हे, की याच्याकडं पैसा किती होता, आणि नसलेला पैसा यानं कुठं लपवला. ऑस्कर मिशो हा माणूस मला तिथून सापडला. नसलेला पैसा लपवण्यात त्याच्यासारखा दुसरा कोणी मी पाहिलेला नाही. खरं तर पुष्कळदा तो लपवतही नाही.

मिशोचा जन्म २ जानेवारी १८८४ चा, अमेरिकेतल्या इलिनॉय राज्यात, मेट्रोपोलिस नावाच्या गावाजवळ. नाव मोठं, गाव लहान. बाप केंटकीत गुलाम म्हणून जन्मलेला. म्हणजे हा स्वातंत्र्यानंतरच्या पहिल्या पिढीचा. आपल्या जोतिरावांनी 'गुलामगिरी' हे पुस्तक १८७३ मध्ये ज्या अमेरिकेतल्या लोकांना अर्पण केलं, गुलामी मोडली म्हणून, त्या मोडलेल्या गुलामीच्या घरातलं हे पोर. शाळा थोडी झाली. मग शिकागो. बूट पॉलिश केलं, कत्तलखान्याच्या वखारीत राबला, आणि शेवटी पुलमन कंपनीच्या रेल्वे डब्यांत पोर्टर झाला.

ही पोर्टरची नोकरी समजून घ्या. झोपण्याच्या डब्यात गोऱ्या प्रवाशांची अंथरुणं घालायची, सामान उचलायचं, बूट पुसायचे. पगार नावाला, पोट बक्षिशीवर. आणि प्रवासी या सगळ्या पोर्टरांना एकाच नावानं हाक मारायचे, जॉर्ज. कारण कंपनीच्या मालकाचं नाव जॉर्ज पुलमन. मालकाचं नाव नोकराला, जसं पूर्वी गुलामाला असायचं. आपल्याकडं नाव विचारायची गरजच पडत नव्हती, जातीच्या नावानं हाक गेली की काम भागायचं. पण या नोकरीत मिशोनं देश पाहिला, श्रीमंत गोरी माणसं जवळून ऐकली, आणि पैसा साठवला.

त्या पैशात त्यानं १९०५ च्या सुमारास साउथ डकोटात जमीन घेतली. आजूबाजूला सगळे गोरे शेतकरी. हा एकटा काळा. आधी लोक हसले, मग त्याची नांगरट बघून गप्प झाले. इथं एक गोष्ट मात्र सांगितली पाहिजे, मिशोवर प्रेम करणारे ती सांगत नाहीत. ती जमीन मोकळी नव्हती. ती रोझबड राखीव क्षेत्रातली, लाकोटा लोकांकडून काढून घेऊन सरकारनं वाटलेली. एका वंचिताला जमीन मिळाली ती दुसऱ्या वंचिताच्या अंगणातली. हे मिशोला सलत होतं असं त्याच्या लिखाणात दिसत नाही. मला मात्र सलतं.

शेती दुष्काळानं घेतली. लग्न शिकागोतल्या एका धर्मोपदेशकाच्या मुलीशी झालं होतं, तेही मोडलं, आणि ते सासऱ्यानं मोडलं असं मिशोचं म्हणणं. पुढं आयुष्यभर त्याच्या गोष्टींत ढोंगी धर्मोपदेशक येत राहिला. सासऱ्यावर असा सूड दुसऱ्या कोणी उगवला नसेल. १९१३ मध्ये त्यानं ही सगळी कहाणी 'द काँक्वेस्ट' या कादंबरीत लिहिली, लेखकाचं नाव न घालता. स्वतः छापून घेतली. आणि ती घरोघरी जाऊन विकली. कुणाला, तर त्या गोऱ्या शेतकऱ्यांनाच. काळा माणूस दारात उभा आहे, हातात पुस्तक आहे, आणि ते त्यानं स्वतः लिहिलेलं आहे. त्या दारातल्या माणसाचा चेहरा कसा झाला असेल, त्याचाच एक सिनेमा होईल.

१९१७ मध्ये त्याची 'द होमस्टेडर' ही कादंबरी आली. लिंकन मोशन पिक्चर कंपनी ही काळ्या लोकांनी चालवलेली सिनेमा कंपनी होती. तिचा व्यवहार बघणारा जॉर्ज जॉन्सन ओमाहाच्या पोस्टात कारकून होता. त्यानं कादंबरीचे हक्क मागितले. मिशो म्हणाला, देतो, पण चित्रीकरणावर देखरेख माझी. कॅमेरा हातात धरलेला नाही, आणि अट ही. त्यांनी नाही म्हटलं. मग मिशोनं स्वतःची कंपनी काढली. भांडवल कुठून? ज्या शेतकऱ्यांना पुस्तकं विकली त्यांनाच शेअर विकले. २० फेब्रुवारी १९१९ ला शिकागोत 'द होमस्टेडर' लागला, आठ रिळांचा. काळ्या दिग्दर्शकाचा पहिला पूर्ण लांबीचा सिनेमा म्हणून तो ओळखला जातो. आज त्याची एकही प्रिंट उरलेली नाही.

पुढच्या तीस वर्षांत त्यानं चाळीसच्या वर सिनेमे काढले. तेही किती तऱ्हेचे! 'द सिम्बॉल ऑफ द अनकाँकर्ड' हा वेस्टर्न आहे, त्यात एका काळ्या शेतकऱ्याच्या जमिनीवर डोळा ठेवून क्लू क्लक्स क्लॅन चालून येतं. 'बॉडी अँड सोल'मध्ये पॉल रोबसन पहिल्यांदा पडद्यावर आला, दुहेरी भूमिकेत, त्यातली एक अर्थातच भामट्या धर्मोपदेशकाची. 'मर्डर इन हार्लेम' हा खुनाचा तपास, 'अंडरवर्ल्ड' गुंडांचा, 'स्विंग!' नाचगाण्याचा. जे बाजारात चालतं ते सगळं त्यानं केलं. पण गंमत अशी, की खुनाचा तपास करायला घेतला तरी मूळ प्रश्न तोच राहायचा. 'मर्डर इन हार्लेम'मध्ये काळ्या पहारेकऱ्याला गोऱ्या बाईचं प्रेत सापडतं आणि पोलीस त्यालाच धरतात. आधी सापडलेला माणूस हाच आरोपी. हे आपल्याला समजावून सांगावं लागत नाही.

आता माझ्या धंद्याचं थोडं. मिशो स्टुडिओ कमी वापरायचा, ओळखीच्या लोकांच्या घरांत शूटिंग करायचा. एक शॉट, एकदाच. नट अडखळला तरी फिल्म पुढं. रिटेक म्हणजे कच्ची फिल्म, आणि कच्ची फिल्म म्हणजे पैसा. नाइट क्लबचं गाणं एकदा चित्रित झालं की ते गोष्टीत बसो न बसो, राहायचं, कारण प्रेक्षक त्यासाठीही येतो. जाहिरातीत तो आपल्या नटांना हॉलिवूडची नावं चिकटवायचा. लोरेन्झो टकर म्हणजे काळा व्हॅलेंटिनो. सिनेमा तयार झाला की प्रिंट घेऊन स्वतः गावोगाव. काळ्या वस्तीतल्या थिएटरवाल्यांना भेटायचं, या सिनेमाचे पैसे घ्यायचे आणि पुढच्याचा आगाऊही मागायचा. दक्षिणेत कुठं कुठं गोऱ्यांच्या थिएटरात काळ्यांना मध्यरात्रीचा खेळ मिळायचा, गोरे घरी गेल्यावर. तेही त्यानं सोडलं नाही. एका प्रिंटला किती गावं, किती हात, किती ओरखडे. उरलेल्या प्रिंट अशा का दिसतात ते यावरून कळेल.

मला एकदा एका फिल्म सोसायटीत हा विषय मांडायला बोलावलं होतं. मी बोललो. शेवटी एक गृहस्थ उठले. सिनेमा त्यांनी बराच पाहिलेला होता, माझ्यापेक्षा जास्त. ते म्हणाले, सामाजिक महत्त्व मान्य, पण दर्जाचं काय? प्रकाशयोजना सपाट आहे, अभिनय कच्चा आहे, संकलनात उड्या आहेत.

मी तेव्हा गप्प बसलो. तुम्हाला ठाऊक आहे आपण असे का गप्प बसतो. समोरचा दर्जा म्हणतो आणि आपल्याला आपली मार्कलिस्ट आठवते. आज उत्तर देतो. ते खरं बोलत होते. प्रकाश सपाट आहे. अभिनय कच्चा आहे. मी एडिटर आहे, उड्या मलाही दिसतात. पण त्यांनी पुढचा प्रश्न विचारला नाही, की दुसरा शॉट घ्यायला फिल्म कुणाकडं होती. आणि काही उड्या मिशोनं मारलेल्याच नाहीत, त्या सेन्सॉरच्या कात्रीच्या आहेत. न्यूयॉर्कच्या सेन्सॉरनं 'बॉडी अँड सोल' नाकारला, धर्मोपदेशक इतका वाईट दाखवता येणार नाही म्हणून. मिशोनं तो पुन्हा कापला, जोडला, शेवटी सगळं स्वप्न होतं असं करून टाकलं. आता तो शेवट विचित्र वाटतो. तो विचित्रपणा मिशोच्या खात्यावर मांडायचा की सेन्सॉरच्या?

खात्याचा विषय निघालाच आहे, तर आजच्या सिनेमाकडं येतो. त्याचं नाव 'विदिन अवर गेट्स'. आपल्या वेशीच्या आत, असं म्हणू.

१९१५ मध्ये ग्रिफिथचा 'द बर्थ ऑफ अ नेशन' आला. सिनेमाच्या अभ्यासक्रमात तो आजही असतो, तंत्रासाठी. त्यात काळा पुरुष हा बलात्कारी आणि मुडदे पाडणारं क्लॅन हे तारणहार. न्यूयॉर्कच्या लिबर्टी थिएटरात तो १९१५ च्या मार्चपासून चालू होता. त्याच शहरात, त्याच महिन्यांत, कोलंबिया विद्यापीठात बाबासाहेब शिकत होते. हे दोन पत्ते एकाच शहरातले आहेत एवढंच सांगतो. त्या सिनेमानंतर क्लॅन नव्यानं उभं राहिलं. १९१९ च्या उन्हाळ्यात शिकागोत दंगल झाली, ३८ माणसं गेली, त्यात २३ काळी. आणि त्यानंतर सहा महिन्यांच्या आत, त्याच शिकागोत, मिशो एक सिनेमा घेऊन सेन्सॉर बोर्डापुढं उभा राहिला, ज्यात गोऱ्यांचा जमाव एका काळ्या कुटुंबाला लटकवतो. बोर्ड घाबरलं. दंगल भडकेल म्हणाले. आधी नाकारला, मग वादावादी होऊन १९२० च्या जानेवारीत सोडला. ज्यांची माणसं मेली त्यांनी ते पडद्यावर दाखवलं की शांतता भंग होते. मारणाऱ्यांचा सिनेमा मात्र देशभर चालला.

गोष्ट थोडक्यात सांगतो, नाहीतर चुकाल. सिल्व्हिया नावाची काळी शिक्षिका आहे, काम केलंय इव्हलिन प्रीअरनं. दक्षिणेतल्या काळ्या मुलांच्या शाळेला पैसे हवेत, पाच हजार डॉलर. ती बोस्टनला जाते. तिथं एक श्रीमंत गोरी बाई मदत करायला तयार होते. पण या बाईची दक्षिणेतली एक मैत्रीण सल्ला देते, शाळा कशाला, ही माणसं शिकून बिघडतात, त्यापेक्षा ओल्ड नेड नावाच्या काळ्या धर्मोपदेशकाला शंभर डॉलर दे, तो त्यांना ताळ्यावर ठेवतो.

या ओल्ड नेडचा प्रसंग नीट बघा. तो आपल्या लोकांना सांगतो, इथं गोऱ्यांचं राज्य असू दे, स्वर्ग आपलाच आहे. मग गोऱ्या साहेबांकडं जातो, हसतो, लाळ घोटतो. ते त्याच्या ढुंगणावर लाथ मारतात. तो हसतच बाहेर येतो. दार बंद होतं. आणि त्याचा चेहरा पडतो. एकटा असताना तो कबूल करतो की मी पुन्हा एकदा स्वतःला विकलं. आता सांगा, हा अभिनय कच्चा आहे का?

मग येते मागची कहाणी, सिल्व्हियाच्या भूतकाळाची. तिला सांभाळणारा जॅस्पर लँड्री हा वाटेकरी शेतकरी. जमीन ग्रिडलस्टोन नावाच्या गोऱ्या मालकाची. मालक दर वर्षी हिशेब सांगतो आणि लँड्री दर वर्षी देणंच लागतो. पण आता मुलगी शिकली आहे. ती घरी बसून बापाचा हिशेब लिहिते. ती वही घेऊन बाप मालकाकडं जातो. मालकाचा नोकर इफ आधीच चुगली करून आलेला असतो, की लँड्रीची पोरगी आता हिशेब ठेवते. मालक भडकतो. त्याच वेळी मालकानं बुडवलेला एक गोरा माणूस खिडकीतून गोळी झाडतो. मालक मरतो. समोर लँड्री उभा. पुढचं तुम्ही बघा.

मी हा सिनेमा पहिल्यांदा बघितला तेव्हा या हिशेबाच्या जागी थांबवला. तसाच थांबवून बराच वेळ बसलो.

माझे आई-वडील ऊस तोडायचे. बीडकडचे आम्ही. तुमच्यापैकी पुष्कळांना हे सांगायला नको. दिवाळी झाली की ट्रक, मग कारखान्याजवळ कोपी, आणि चार-पाच महिने कोयता. दादांनी मुकादमाकडून उचल घेतलेली असायची. मी सातवीत होतो तेव्हा हंगाम संपल्यावर मुकादम हिशेबाला आला. दादांना वाचता येत नव्हतं. मी वही घेतली, कौतुकानं. बघतो तर खाडे अकरा दिवसांचे लावलेले. माय आजारी होती ते चार दिवस. मला नक्की ठाऊक होतं, कारण त्या चार दिवसांत स्वयंपाक मी केला होता. मी बोटं मोडून मोठ्यानं म्हणालो, चार.

दादांनी माझ्या हातातून वही घेतली. मिटली. आणि दोन्ही हातांनी मुकादमाला परत दिली. म्हणाले, पोरगं आहे, चुकलं मोजायला.

मुकादम गेल्यावर ते मला काहीच बोलले नाहीत. मला वाटलं मारतील. मारलं नाही. पुढच्या वर्षी उचल फिटली नाही म्हणून पुन्हा गेले. मी पुष्कळ वर्षं त्यांच्यावर रागावलेलो होतो. भित्रे आहेत असं मला वाटायचं. लँड्रीचं काय झालं ते बघितल्यावर कळलं की दादांना गणित येत नव्हतं असं नाही. वाचणारं पोर घरात आलं की काय होऊ शकतं, ते गणित त्यांना माझ्यापेक्षा चांगलं येत होतं.

आणि तो इफ. चुगली केली म्हणून आपण गोऱ्यांच्या मर्जीतले, असं त्याला वाटतं. जमाव लँड्रीला शोधतोय, तो सापडत नाही, लोक कंटाळले आहेत. तेव्हा वेळ जावा म्हणून ते इफलाच लटकवतात. मिशोनं हा प्रसंग लांबवलेला नाही. येतो आणि जातो.

मिशोला देव करू नका, एवढंही सांगतो. त्याच्या सिनेमांतले नायक-नायिका बहुतेक उजळ रंगाचे, आणि खलपात्रं, विदूषक गडद. आपल्यातही गोरी सून शोधणारे आहेत, तेव्हा फार हसू नका. १९३८ मध्ये त्याचा 'गॉड्स स्टेप चिल्ड्रन' न्यूयॉर्कला लागला, तेव्हा हार्लेममध्ये निदर्शनं झाली, हा सिनेमा आपल्याच माणसांत रंगाची उतरंड लावतो म्हणून, आणि तो काढून घ्यावा लागला. निदर्शनं करणारे बरोबर होते असं मला वाटतं. दुसरं म्हणजे, बुकर टी. वॉशिंग्टनचा तो भक्त. पहिली कादंबरी त्यालाच अर्पण केलेली. मी जमीन केली, मी पुस्तक विकलं, मग तुम्ही का मागं, असं तो आपल्या लोकांना वरचेवर सुनावतो. नोकरी लागून दोन वर्षं झालेला, वस्तीत आल्यावर सगळ्यांना शिस्त शिकवणारा आपला एखादा दादा तुम्हाला ठाऊक असेल. थोडा तसा. मीही कधी कधी असतो. माझी बायको आठवण करून देते.

पुढचं भराभर सांगतो. १९२८ मध्ये त्याचं दिवाळं निघालं. बोलपट आले, ध्वनीचा खर्च आला, आणि हार्लेममधल्या गोऱ्या थिएटर मालकांचा पैसा घ्यावा लागला. त्या पैशावर १९३१ मध्ये 'द एक्झाइल' आला. १९४० नंतर सिनेमा थांबला, तो पुन्हा कादंबऱ्यांकडं वळला. १९४८ मध्ये 'द बिट्रेयल' नावाचा तीन तासांचा सिनेमा काढला. न्यूयॉर्कच्या समीक्षकांनी त्याची सालटी काढली, प्रेक्षकही आले नाहीत. २५ मार्च १९५१ ला तो वारला, नॉर्थ कॅरोलायनात, शार्लट शहरात. तिथं तो कशाला गेला होता? पुस्तकं विकायला.

त्यानंतर तीस-पस्तीस वर्षं सगळं सामसूम. मूकपटांपैकी आज तीनच उरले आहेत. 'सिम्बॉल' बेल्जियममध्ये सापडला. आजचा सिनेमा स्पेनमध्ये सापडला, माद्रिदच्या फिल्म संग्रहालयात. डब्यावर नाव होतं 'ला नेग्रा', म्हणजे काळी बाई. पाट्या सगळ्या स्पॅनिशमध्ये. मूळ इंग्रजी पाट्या जवळपास गेलेल्या. मग अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसनं ती प्रिंट मागवली आणि स्पॅनिशवरून पुन्हा इंग्रजी पाट्या केल्या. म्हणजे आता तुम्ही जे वाचाल ते मिशोचे शब्द नाहीत. ते स्पॅनिशमध्ये जाऊन परत आलेले आहेत. आणि इथल्या काही मुलांना इंग्रजी पाटी पूर्ण वाचून होण्याआधी निघून जाते, मलाही जायची. म्हणून मी मागं उभा राहून त्या मराठीत मोठ्यानं वाचणार आहे. मध्ये एक तुकडा गायब आहे, तिथं काय घडलं ते एका पाटीवर लिहिलेलं आहे, तेवढं लक्ष ठेवा.

मागच्या वर्षी दादा इथं माझ्याकडं राहायला आले होते. मी त्यांना मोबाइलवर तो हिशेबाचा भाग दाखवला, पाट्या अशाच वाचून. मोबाइल त्यांनी दोन्ही हातांत धरला होता. लँड्री वही घेऊन मालकाच्या दारात जातो तिथं ते म्हणाले, थांबव. मी थांबवलं. त्यांनी विचारलं, पोरगीला का नाही सोबत नेलं यानं? मला उत्तर देता आलं नाही. ते म्हणाले, बरं केलं नाही नेलं. लाव पुढं.

७९ मिनिटांचा सिनेमा आहे. दाराजवळच्यांनी दिवा बंद करा. पंखा चालू राहू द्या, आवाज नाहीच आहे सिनेमाला.